मळवट कुणी भरायचा

माझं अक्षर वाईट आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मला कधी उमगलं नाही. चौथीनंतर पेन हातात आला तो फक्त सही करायला. चुकलेलं पोटात घ्यावं. खरं तर हे कुणी वाचावं म्हणून लिहीत नाही. चार माणसं समोर आली की माझा घसा बंद होतो. तोंडानं जे निघत नाही ते इथं काढून ठेवते.

"टिकली काढ."

बंगल्याच्या मागच्या अंगणात चार चादरी बांधून आडोसा केला होता. आडोशात फळीवर मेलेली बाई. तिच्या डोक्याशी मी, हाताला कुंकू लागलेलं. चादरीच्या फटीत मेलेल्या बाईची थोरली जाऊ उभी होती, नाकाला पदर लावून. तिच्या मागं आणखी सात-आठ बायका.

मी माझ्या कपाळावरची टिकली काढली. ठेवायची कुठं ते कळेना. बोटावरच राहिली.

"बांगड्या."

बांगड्या निघेनात. दोन तास पाण्यात राहून हात फुगले होते.

"फोड मग. नळावर फोड."

मी नळावर हात आपटला. एक फुटली, दुसरी फुटली, तिसरीची काच मनगटात गेली. रक्ताचे दोन थेंब बादलीत पडले. थोरली जाऊ म्हणाली, "आता ते पाणीपण बाटलं. ओतून दे."

मी ओतून दिलं.

माझ्या बांगड्या फुटायची ही दुसरी वेळ. पहिल्या वेळी नवरा गेला होता, तेव्हा सासूनं फोडल्या. फोडताना तीपण रडत होती. या वेळी कुणी रडत नव्हतं. फळीवर माणूस मेलेलं होतं, तरी कुणी रडत नव्हतं.

आता हे कसं झालं ते सांगते.

माझं माहेर गंगापूरकडचं. आमची मेंढरं. बाप आणि आम्ही पोरं मेंढरं घेऊन फिरायचो. मोठ्या शेतकऱ्यांच्या वावरात मेंढरं बसवायची, लेंड्यांचं खत त्यांना, बदल्यात आम्हाला ज्वारी. मेंढी अडली की हात घालून कोकरू ओढायचं. मेलं तर पुसून आईजवळ ठेवायचं, तिला हुंगू द्यायचं. हुंगू दिलं नाही तर ती दोन-दोन दिवस ओरडत फिरते. हुंगलं की गप होते. हे मी सात-आठ वर्षांची असताना शिकले. मढ्याची भीती मला कधी वाटली नाही.

लग्न होऊन चिकलठाण्याला आले. नवरा एका वर्कशॉपात कामाला होता. काविळीनं गेला. मागं मी, सासू आणि पत्र्याची खोली.

मग मला सर भेटले. त्यांचं नाव लिहीत नाही. आधी ते लग्नाचे इव्हेंट करायचे, मग अंत्यविधीची सेवा काढली. मोठा बोर्ड लावला, "दुःख तुमचं, धावपळ आमची." पांढरी गाडी, थंड पेटी, मडक्यापासून गोवरीपर्यंत सगळं सामान एका खोक्यात. खांदा द्यायला चार माणसं, पांढऱ्या शर्टातली. लेक अमेरिकेत असेल तर त्याला फोनवर दाखवायला कॅमेरावाला. फक्त बायकांना अंघोळ घालायला बाई मिळत नव्हती. मी गेले. एका बाईमागं सहाशे रुपये.

सासू म्हणाली, "मढ्याचा पैसा घरात आणती व्हय?" पहिल्या सहाशेचं पीठ आणि तेल आणलं तेव्हा तिनंच भाकरी थापल्या. खाताना म्हणाली, "माझ्या येळंला फुकट धू म्हंजे झालं. सासू हाय, तेवढी सूट दे."

पहिल्या दिवशी सरांनी माझ्या कपाळाकडं बघितलं.

"हे असं नाही चालायचं. गिऱ्हाईकाला बरं वाटत नाही. घरात सवाष्ण गेलेली असते. तिला सवाष्णीचाच हात लागतो."

"मी सवाष्ण नाय."

"ते मला माहिती आहे. त्यांना कशाला सांगायचं?"

त्यांनी खिशातून टिकल्यांचं पाकीट काढलं आणि हिरव्या बांगड्यांचा डझन. स्वतः विकत आणलेलं. हे मी मुद्दाम लिहिते. स्वतः विकत आणलेलं.

मी लावलं. गरज होती, आणि नाही म्हणायची सवय नव्हती. घरातून निघताना कोरं कपाळ, गाडीत बसल्यावर टिकली. काम झालं की गाडीतच काढून डॅशबोर्डला चिकटवायची. गाडी चाचा चालवायचे. साठीचे, पांढरी दाढी. डॅशबोर्डवर सात-आठ टिकल्या जमल्या की ते म्हणायचे, "बेटी, मेरी गाडी का लगन होगया दिखता."

माझी कामाची पद्धत मला कुणी शिकवली नाही. पाणी कोमट करते. कोपरानं बघते, लेकराला बघतात तसं. अंगावर चादर ठेवून चादरीखालून धुते, उघडं टाकत नाही. आणि बोलते. जिवंत माणसाशी मला बोलता येत नाही, पण मेलेल्या बाईशी येतं. "आता पाणी घालते बरं का. आता हात उचलते. केसात गुंता लई झालाय, जरा सोसा." कुणी ऐकलं तर वेडी म्हणतील, म्हणून हळू बोलते.

आणि घरातल्या एका तरी बाईला एक तरी काम सांगते. पाय पुसा. वेणी घाला. नुसता हात धरून बसा. बहुतेक जणी पळतात. ज्या हात लावतात त्या खऱ्या रडतात. मला वाटतं रडायलाही हात लागतात. नुसतं लांब बसून फोनमध्ये बघून रडू येत नाही, ते आतच कुजतं.

सरांना हे आवडायचं नाही. "वेळ जातो. लोक आपल्याला त्रास वाचवायचे पैसे देतात. तू त्यांना परत त्रास देते." मी मान हलवायची आणि पुढच्या घरी परत सांगायची, पाय पुसा.

तो बंगला सिडकोच्या बाजूला. घरचे मूळचे मोठे शेतकरी, आता शहरात दुकानं आणि प्लॉट. मेलेली बाई साठीची. दोन वर्षं लकवा. नवरा जिवंत, म्हणून सवाष्ण. सून मला मागच्या अंगणात घेऊन गेली आणि फळीपासून दहा हात लांब उभी राहिली.

मी चादर बाजूला केली. बाईला कुशीवर वळवलं.

पाठीला भोकं पडलेली. कमरेखाली एक तर एवढं की माझी मूठ जाईल. हाड दिसत होतं. कुणी कूस बदलली नव्हती, किती महिने ते तिलाच माहीत. डोक्याचे केस मागं चिकटून एकच गोळा झालेला. नखं वाढून तळहातात रुतलेली.

मी सुनेकडं बघितलं. ती फोनकडं बघत होती.

तोपर्यंत मी कुठंच काही बोलले नव्हते. माझ्याकडं जखमांची पावडर होती, ती भरली, वर कापूस, वर पट्टी. दोन तास लागले. केसांचा गोळा तेल लावून सोडवला, सुटेना तेवढा कापला. तिला सांगून कापला.

मग मळवट भरायची वेळ आली. सवाष्ण मेली की तिचं सगळं कपाळ कुंकवानं भरतात. घरच्या सवाष्णींनी भरायचा. मी कुंकवाची वाटी सुनेपुढं केली.

"तुम्हीच भरा ना. मला बघवत नाही."

थोरल्या जावेपुढं केली.

"भर तूच. सवाष्णच आहेस की. आमची कुणाची हिंमत नाही बाई."

मी भरला. सरळ, भुवईपासून केसापर्यंत. बाई एकदम ओळखीची दिसायला लागली, कुणाची तरी आई असावी तशी.

तेवढ्यात माहेरची माणसं आली. सवाष्णीला शेवटची साडी माहेरची लागते, म्हणून सगळे त्यांच्यासाठी थांबले होते. गंगापूरकडून जीप करून आले. साडी घेऊन मेलेल्या बाईची भावजय आडोशात आली. गावाकडची बाई, मनानं वाईट नाही. तिनं साडी माझ्या हातात दिली आणि माझ्याकडं बघतच राहिली.

"अगं, तू आमच्या वावरात मेंढरं बसवायचा त्या म्हाताऱ्याची लेक ना?"

मी मान हलवली.

"बया! किती वाळलीस. तुझा नवरा गेला म्हणं काविळीनं? तुझा भाऊ सांगत हुता, तवा लई वाईट वाटलं बघ..."

बोलता बोलता तिची नजर माझ्या टिकलीवर गेली. तिथून मळवटावर. तिनं तोंडावर हात ठेवला. पण उशीर झाला होता. फटीतून थोरल्या जावेनं सगळं ऐकलं होतं.

पुढचं मी लिहिलंय. टिकली. बांगड्या. बादली.

नंतर मुलगा आला. तो आडोशाच्या बाहेरून सरांवर ओरडत होता. "तुम्ही सवाष्ण बाई पाठवतो म्हणालात. मेंढरं राखणारी रांड पाठवली माझ्या आईला हात लावायला?"

जसं बोलला तसं लिहिलंय.

सर म्हणाले, "साहेब, आमचीसुद्धा फसवणूक केली हिनं. टिकली लावून यायची. आम्हाला कसं कळणार?"

मी चादरीच्या फटीतून सरांकडं बघितलं. त्यांनी खिशातून फोन काढला आणि बघायला लागले. फोन वाजला नव्हता.

थोरली जाऊ म्हणाली, "आता हे पूस. परत धू तिला. धुतलीस की निघ. मळवट आमची बाई येऊन भरेल."

"तुम्ही धुवा," असं मी म्हणायला हवं होतं. ते नंतर सुचलं. पण तेव्हा एवढंच मनात आलं, की आत्ताच माझा हात चालत नव्हता, आणि लगेच धुवायला चालतो. कुंकवाला चालत नाही, घाणीला चालतो. हे मला तोपर्यंत कधी दिसलं नव्हतं. रोज तेच करत होते तरी दिसलं नव्हतं.

बायका आत निघून गेल्या. वास सुटला होता. मी एकटी राहिले. नवीन पाणी तापवून घेतलं. मनगटातून रक्त येत होतं, त्याला चिंधी बांधली.

चादरीच्या पलीकडून, मागच्या फाटकाजवळून आवाज आला.

"बाई, पाणी कोमट हाय का गं?"

मी वाकून बघितलं. फाटकाशी पोत्यावर एक म्हातारी बसलेली. नऊवारी लुगडं, कोरं कपाळ, कातडी हाडाला चिकटलेली.

"कोमट घे बाई. तिला थंड पाणी सोसत न्हवतं. ल्हान हुती तवा अंग काळं-निळं पडायचं."

ती मेलेल्या बाईची आई होती. जीपमधून उतरल्यापासून तिथं बसवली होती. कारण ती विधवा. सवाष्ण लेकीच्या मढ्याला तिचा हात चालत नाही. जिनं तिला जन्मल्यावर मांडीवर घेऊन न्हाऊ घातलं, तिला शेवटची अंघोळ घालता येत नव्हती. सुनेला येत होती, ती घालत नव्हती. जावेला येत होती, ती घालत नव्हती. सगळ्या घरात हात लावावा असं एकाच माणसाला वाटत होतं, आणि त्याला फाटकाशी पोत्यावर बसवलं होतं.

मी चादर वर उचलली.

"या आत."

"मला नाय चालत, बाई."

"मलाबी नाय चालत," मी म्हणाले. "या."

ती उठली. मी तिचा हात धरून आत घेतली.

तिनं आधी लेकीच्या तोंडावरून हात फिरवला. मग तिचे पाय धरून बसली. मी पाणी घालत होते, ती चोळत होती. कुठं किती चोळायचं ते हाताला माहीत होतं. कानामागं, बेंबीत, बोटांच्या मधी. मी कुशीवर वळवताना पट्टी सुटली आणि तिनं पाठ बघितली.

ती ओरडली नाही. एकेका जखमेच्या कडेनं बोट फिरवत गेली. म्हणाली, "फोनवर सांगायचे, लई मजेत हाय. चांगलं खाती-पिती. मी यायचं म्हणलं तर म्हणायचे, कशाला एवढ्या लांबून हाल करून घेता."

मी परत पावडर भरली. माहेरची साडी दोघींनी मिळून नेसवली.

कुंकवाची वाटी तिथंच होती. तिनं उचलली आणि माझ्याकडं बघितलं. थांबवलं नाही, भरा असंही म्हणाले नाही.

"हिच्या हळदीला मीच भरला हुता," ती म्हणाली. "तवा चालत हुतं."

तिनं मळवट भरला. हात हलत होता म्हणून रेघ वाकडी गेली. मग तिनं लेकीच्या कपाळावर आपलं कपाळ टेकवलं आणि तोंडातून आवाज काढला. तसा आवाज मी मेंढ्यांच्या कळपात ऐकलाय, माणसात पहिल्यांदा ऐकला.

त्या आवाजानं बायका धावत आल्या. थोरली जाऊ पुढं. तिनं चादर ओढली. म्हातारीच्या कपाळाला लेकीचं कुंकू लागलेलं होतं.

"अगं ए! दोघी रांडमुंड मिळून बाटवलीत हिला?"

मुलगा आला. सर आले. नवरापण आला काठी टेकत. सगळ्यांनी म्हातारीकडं बघितलं. म्हातारी लहान व्हायला लागली, अंग चोरून घ्यायला लागली.

आणि माझा घसा उघडला. का उघडला ते माहीत नाही.

"हिच्या पाठीला भोकं पडलीत. हाड दिसतं. ती कुणाच्या हातानं पडली ते आधी बोला. आमच्या हातानं काय बाटलं ते मग बोलू."

नवऱ्यानं मान फिरवली. बाहेर कॅमेरावाला होता, मुलानं आधी त्याला हात करून थांबवलं.

मग म्हणाला, "काढा हिला बाहेर."

सगळे एकमेकांकडं बघायला लागले. मला हात धरून काढायचं तर मला हात लावावा लागला असता. कुणी पुढं येईना. मीच निघाले. माझा तांब्या, माझा टॉवेल घेऊन निघाले.

मागच्या फाटकाशी लावलेल्या गाडीतून मला दिसत होतं. पांढऱ्या शर्टवाल्या एका माणसानं रबरी हातमोजे घातले, बाटलीनं पाणी ओतलं आणि म्हातारीनं भरलेला मळवट पुसला. मग शेजारची कुणी सवाष्ण आणली. तिनं चार हातांवरून कुंकू उधळलं. थोडं नाकावर पडलं, थोडं साडीवर. मग कॅमेरा सुरू झाला. म्हातारीला आधीच जीपमध्ये बसवलं होतं. ती काचेला हात लावून बघत होती.

चाचा म्हणाले, "हमारे में तो घर की औरतांच नहलाते, बेटी. माँ रही तो माँ. इनो जिंदी को नहीं छूए, मुर्दे को क्या छूते."

मी रडले नाही. मनगट दुखत होतं.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात सर म्हणाले, "बारा हजार परत करावे लागले मला. सगळं पॅकेज. ते तुझ्या नावावर. एका बॉडीमागं तीनशे कापीन."

मी म्हणाले, "टिकली तुम्ही आणली होती."

"आणली असेल. टिकलीचं मी निभावून नेलं असतं. माफी मागून, हजार-पाचशे सोडून. पैसे गेले ते तुझ्या शहाणपणानं. म्हातारीला आत कुणी घेतलं?"

"मी घेतलं."

"कुणाला विचारून?"

"कुणालाच नाय."

"मग?"

मी म्हणाले, "फेडते. पण टिकली नाय लावणार आता."

ते हसले. "मग तुला घेणार कोण?"

हे खरं होतं. त्यांनी माझ्या जागी दोन बायका आणून बघितल्या. एक पहिल्याच दिवशी पळाली, दुसरी आठ दिवसांनी. म्हणून मी राहिले, पण कोऱ्या कपाळाची. तेव्हापासून सर मला एकाच कामाला पाठवायचे. विधवा मेली की माझं बोलावणं. सवाष्णींना पांढरे शर्टवाले चादरीवरूनच पाणी शिंपडायचे आणि झालं. विधवेला काय, तिला मळवट नाही, ओटी नाही. तिच्या मढ्याला कुणाचाही हात चालतो.

एकदा छावणीकडच्या एका घरी चुकून गेले. सरांना वाटलं म्हातारीला नवरा नाही, पण होता. मी फाटकातच सांगितलं, "मी विधवा हाय. आत्ताच सांगते. चालत असंल तर हात लावते." मेलेल्या बाईची मुलगी पुढं आली, माझा हात धरायला लागली होती. तेवढ्यात तिची मावशी म्हणाली, "नको गं, लोक काय म्हणतील." मुलीनं मान खाली घातली. तिचा घसा हलताना मला दिसला. आवाज निघाला नाही. मला तिचा राग आला नाही. मी पण तशीच होते इतकी वर्षं. मेलेली बाई आदल्या दिवशीच्या गाऊनवर साडी टाकून गेली. केससुद्धा विंचरले नाहीत.

त्या म्हातारीचं पुढं काय झालं ते भावाकडून कळलं. तो अजून त्यांच्या वावरात मेंढरं बसवतो. लेकीमागं चार महिन्यांत गेली म्हणाला.

"धुतली कुणी?"

"काय माहीत. आपण थोडंच घरात जातो."

मला कळवलं असतं तर मी गेले असते. चालत गेले असते. पण कळवणार कोण, आणि का.

चौतीस बायका झाल्या. दीड वर्षाच्या वर गेलं. राहिले अठराशे. मग विधवा मरेनात की सरांना दुसरं कुणी मिळालं, मला दोन महिने बोलावणं आलं नाही. आणि एका सकाळी सर स्वतः आमच्या गल्लीत आले. बूट न काढता दारात उभे राहिले.

"मोठं घर आहे. बिल्डरची बायको गेली. त्यांना व्यवस्थित अंघोळ पाहिजे, शिंपडाशिंपडी नको. तुझ्यासारखं कुणी करत नाही, हे मी मान्य करतो. एक दिवस टिकली लाव. उरलेले अठराशे सोडून देतो. विषय संपला."

सासू भिंतीला टेकून बसली होती. म्हणाली, "लाव की. चिकटवायची अन् काढायची. कपाळाला काय भोक पडतं का?"

मी सासूवर रागावले नाही. घरात दोन दिवसांचं पीठ होतं.

पण मला एक समजत होतं, ते सरांना समजत नव्हतं. बारा हजार त्यांच्यासाठी नुकसान होतं, म्हणून ते माफ करू शकत होते. माझ्यासाठी ते नुकसान नव्हतं. मी एका आईला तिच्या लेकीजवळ नेलं होतं, त्याची ती किंमत होती. ती माफ करून घेतली तर मी चुकले असं होतं. चूक माफ करतात. मी चुकले नव्हते. उभ्या आयुष्यात कुणाला न विचारता केलेली ती एकच गोष्ट, आणि ती मी कमी किमतीत कुणाला देणार नव्हते.

"पैसे देते," मी म्हणाले. "टिकली नाय."

"कुठून देशील?"

"देते."

"तू येडी आहेस का गं?" ते सासूकडं वळले. "सांगा हिला."

सासू म्हणाली, "तिला काय सांगता. ती मेलेल्यांशी बोलती, जित्यांचं ऐकत नाय."

ते गेले. बिल्डरच्या बायकोला कुणी धुतलं मला माहीत नाही. बहुतेक शिंपडलंच असेल.

जालना रोडला एका मंगल कार्यालयात लग्नाची भांडी घासायचं काम मिळालं. दिवसाला साडेचारशे. तिथं माझ्या कपाळाकडं कुणी बघितलं नाही. खरकट्याला विधवा चालते. चार दिवस घासली. राखेनं आणि साबणानं मनगटावरची जुनी खूण परत लाल झाली. पीठ उधार आणलं, त्या पैशाला हात लावला नाही.

पाचव्या दिवशी ऑफिसात गेले. अठराशे टेबलावर ठेवले. सर फोनवर होते, एका गिऱ्हाईकाला पॅकेज सांगत होते. मी उभी राहिले. बोलणं झाल्यावर त्यांनी नोटा मोजल्या. शंभराची एक नोट माझ्याकडं सरकवली.

"ठेव. चहापाण्याला."

मी नोट परत सरकवली.

"वहीत लिवा, पूर्ण मिळाले. सही करा. मला बघू द्या."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. आता बोलावणार नाही, हे त्यांच्या तोंडावर लिहिलेलं होतं. मला ते येतानाच माहीत होतं. इथून पुढं मला कोण बोलावणार तेही मला माहीत नाही. बहुतेक कुणी नाही. कुणी बोलावलं तर फाटकातच सांगीन मी कोण आहे ते, आणि आत गेले तर आधी विचारीन, हिची आई कुठं बसवलीय. बसवली असेल बाहेर, तर आत आणीन. परत बारा हजार पडले तर परत फेडीन.

सरांनी वही ओढली, लिहिलं, सही केली, वही माझ्याकडं फिरवली. मी एकेक अक्षर लावून वाचलं. बारा हजार. पूर्ण मिळाले. बाकी नाही.